स्टार्चची बाटली

सोमवार, ३ मार्च
आले एकदाची या तालुक्याच्या हॉस्पिटलात! खोली काडेपेटीएवढी, पण खिडकीत भरपूर ऊन आणि नळाला चक्क गरम पाणी. अतिदक्षता विभाग आता माझ्या हाती. दादाला फोनवर म्हटलं, यापुढे मला ‘अहो डॉक्टर’ म्हणायचं. तो म्हणाला, आधी जेवलीस का ते सांग. मोठ्या सिस्टरांनी विभाग दाखवला. इथले आधीचे प्रमुख गेल्या वर्षी वारले. ‘थोरले साहेब’ म्हणताना सिस्टर अजून आवाज खाली करतात.

बुधवार, ५ मार्च
माझी पहिली पेशंट, शिंपीणकाकू. जखमेतला संसर्ग अंगभर पसरलाय, रक्तदाब पार खाली. तरी विचारतात, गिऱ्हाइकाचा कोट अर्धा राहिलाय, कधी सोडाल? सलाईन लावायला गेले, तर सिस्टरांनी आधीच स्टार्चची, म्हणजे पिष्टमय घट्ट सलाईनची, बाटली टांगलेली. थोरल्या साहेबांची पद्धत म्हणे, दाब झटकन चढतो. चढतो खरा, पण अशा पेशंटच्या किडन्या बंद पडतात, हे आता सिद्ध झालंय. ती काढून रिंगर लॅक्टेट लावलं: रक्तातल्या क्षारांशी जुळणारं साधं सलाईन. स्टार्चचे सगळे खोके सिस्टरांदेखत कचऱ्याच्या गाडीत घातले. त्या म्हणाल्या, साहेबांना आवडणार नाही. मी म्हटलं, मग त्यांना माझ्याकडे पाठवा.

शुक्रवार, ७ मार्च
काकू सुधारत होत्या. दुपारी चहा पिऊन आले, तर स्टँडवर स्टार्च. लघवीची पिशवी कोरडी. सिस्टरांनी लेकराची शपथ घेतली, मी नाही लावली. बाटलीची मुदत कधीच उलटून गेलेली. काढली. उद्या जागची हलणार नाही.

शनिवार, ८ मार्च
भर दुपारी, लख्ख उजेडात माझ्या मनगटावर थंडगार हात पडला. दिसलं कोणीच नाही. आवाज मात्र मायेचा: ‘बाजूला हो पोरी, मला शिकवू नकोस.’ काकूंनीही ऐकलं, त्या रडायला लागल्या. मी रिंगरची नळी घट्ट धरली. म्हटलं, साहेब, पेशंट माझी आहे! मनगटात नखं रुतली. सोडली नाही.

रविवार, ९ मार्च
काकूंना रुग्णवाहिकेनं शहरातल्या मोठ्या हॉस्पिटलात धाडलं. पिशवीत लघवी उतरली होती. जिंकले! मनगटावरचे ओरखडे मात्र लाल, गरम.

सोमवार, १० मार्च
थंडी वाजून ताप. दाब पडतोय. काय झालंय ते मला शिकवायला नको: काकूंना झालं तेच, या ओरखड्यांतून. रुग्णवाहिका अजून परतली नाही. दादा निघालाय. सिस्टरांना म्हटलं, रिंगर लावा. लावलं.

मंगळवार
जाग आली — स्टँडवर स्टार्च. सुई उपटून फेकली. रक्त सांडलं, सांडू दे. दुसऱ्या हाताला मीच सुई टोचली. रिंगर.

बुधवार
सिस्टर पळाल्या. पलंगाच्या कडेला गादी दबलीय — कोणी बसल्यासारखी. साहेब म्हणतात, हट्टी आहेस, पण ताप चढलाय तुला. चढू दे. बाटली मीच निवडणार.
रिंगरची नळी दातांत धरलीय. ओढा म्हटलं. ओढा ना, साहेब! बघू कोणाचा जोर —