ती यंत्रं बायकोची

९ जानेवारी

कोर्टाचा बेलीफ आला आणि कारखान्यातल्या विणकामाच्या चारही यंत्रांवर कागद चिकटवून गेला! थकलेल्या उधारीपायी सूतवाल्याने माझ्याविरुद्ध कोर्टाचा हुकूमनामा मिळवला होताच, आता जप्तीही आणली. जाताना बेलीफ म्हणाला, "हात लावू नका. लिलावाची तारीख कळवतील." बायको दारात उभी. हातात अर्धा स्वेटर. नेहमीचंच ध्यान.

११ जानेवारी

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. पण वकील शहाणा असला तर खुशाल चढावी! माझ्या वकिलाने एवढंच विचारलं, "यंत्रांची बिलं कोणाच्या नावावर?" बायकोच्या. तेव्हा बायकांच्या नावावर घेतलं की हप्ता कमी बसायचा, म्हणून मीच तसं केलं होतं.

"मग झालं तर! कर्ज तुमचं, यंत्रं बाईंची. त्यांनी तिऱ्हाईत म्हणून अर्ज करायचा, की जप्त केलेला माल माझा आहे, सोडा."

साप मरेल आणि काठीही मोडणार नाही. पहिला हप्ता सासूने दिला होता, हे खरं. पण जावयाच्या घरात आलेला पैसा जावयाचाच की!

३० जानेवारी

तिला शिकवतोय. "म्हण, यंत्रं माझी." म्हणते, पण चोरी कबूल केल्यासारखी. तीनदा म्हणायला लावलं. चौथ्यांदा मी ताट भिरकावलं. रडली. रडू दे! खोटं बोलायलासुद्धा अक्कल लागते.

२ फेब्रुवारी

हिला माहेरी जायचंय. आई अंथरुणाला खिळलीय म्हणे. साफ सांगितलं — साक्ष होईपर्यंत उंबरा ओलांडायचा नाही. तिकडे रडत बसशील आणि पढवलेलं सगळं विसरशील.

१० फेब्रुवारी

आज पुन्हा विचारलं तिने. पुन्हा नाही.

२३ फेब्रुवारी

मेहुणीचा फोन. "भावोजी, आईचं काही खरं नाही. ताईला लगेच पाठवा." "बघतो," म्हटलं. उद्या साक्ष आहे. हिला सांगितलं नाही. म्हातारी गेली तीन वर्षं मरतेच आहे.

२४ फेब्रुवारी

आधी माझी साक्ष. शपथेवर सांगितलं — कारखाना बायकोचा. मी तिच्याकडे पगारावर आहे. माल पोचवतो, यंत्रातलं मला काही कळत नाही. पगाराचा आकडासुद्धा वकिलाने सांगितलेलाच. घडाघडा म्हणून टाकलं.

मग ती. सूतवाल्याचा वकील म्हणजे खाटीक! पहिलाच घाव — "बाई, तुम्ही मालक ना? मग सांगा, यंत्राला सुया किती?"

हे शिकवलंच नव्हतं! मलाच ठाऊक नाही!

"दोनशे," ती म्हणाली. "तिसऱ्याला एकशे साठ. डावीकडच्या चाळीस गंजल्या, मी काढून टाकल्या. नव्या आणायला पैसे दिले नाहीत यांनी. म्हणून त्याच्यावर लहान मुलांचेच स्वेटर विणते."

न्यायाधीश लिहायचे थांबून बघायला लागले. वकिलाने विचारलं, हप्ते कोणी भरले?

"पहिला आईने. बाकीचे मी. अकरा वर्षं यंत्रावर मीच बसते."

आवाज खणखणीत! घरात हिच्या तोंडून धड हुंकार निघत नाही. मी शिकवल्याचं चीज झालं.

बाहेर आल्यावर म्हटलं, आत्ताच फोन आला, आई फार आजारी आहे. माझ्याकडे न बघताच म्हणाली, "गेली ती. पहाटे. शेजारीण सांगून गेली मला."

म्हणजे सगळं कळलेलं असून उभी राहिली साक्षीला! बाई आहे की दगड? तिथूनच स्टँडवर गेली. घरी आलीच नाही. संध्याकाळी स्वतःच्या हाताने भात शिजवला, तो करपला.

११ मार्च

निकाल! जप्ती उठली! यंत्रं तिचीच, असं कोर्टाने लिहून दिलं. सूतवाल्याचं तोंड बघण्यासारखं झालं होतं. वकील म्हणाला, "तुमच्या साक्षीनेच केस तरली." निकालाची नक्कल घ्यायला तीही आली होती. कारखान्याची किल्ली तेवढी मागितली — देऊन टाकली. बंद यंत्रांना तेलपाणी लागतंच. आईचं दुःख किती दिवस पुरणार? चार दिवसांत येईल ताळ्यावर. नाहीतर मी आणीन.

१४ मार्च

कारखाना रिकामा. चारही यंत्रं मेहुणीकडे गेली. स्टुलावर पाकीट. आत एका महिन्याचा पगार, मी शपथेवर सांगितला तेवढाच. आणि तिच्या अक्षरात — "उद्यापासून कामावर येऊ नये." सोबत पावती, माझी सही मागणारी.

घरात दुसरा पैसा नाही. सही केली.