बातम्या संपण्याआधी

मंगळवार, ९ फेब्रुवारी १९९३
दिलसुखनगर

आज वसू थांबली नाही. दुपारच्या बातम्या नीट वाचल्या, आवाजही ठीक होता, पण शेवटी थांबलीच नाही. दिल्लीला रेडिओवर नोकरी लागली तेव्हा निघताना रेल्वे स्टेशनवर लेक म्हणाली होती, "बाबा, 'बातम्या संपल्या' म्हणायच्या आधी मी जरा थांबेन. ते तुमच्यासाठी. समजायचं, वसू बरी आहे." अकरा वर्षं तेवढ्यासाठी रेडिओच्या खरखरीला कान लावून बसतो. मी चौथी शिकलेला, बातम्यांतलं निम्मं कळत नाही. हल्लीचं ते परदेशी कंपन्यांचं तर काहीच नाही.

मग आज काय झालं? ताप आला? जावयाशी भांडण? संध्याकाळी फोनच्या बूथवर गेलो. बूथवाला रहीम हसला, "क्या चाचा, अब रेडिओ कौन सुनता? केबल लगा लेव."

फोन वसूनेच उचलला. विचारलं, आज थांबली का नाहीस?

"कुठे थांबायचं, बाबा?"

"शेवटी. बातम्या संपल्या म्हणायच्या आधी."

"अहो, ऐनवेळी एक बातमी हातात दिली. श्वास घ्यायलासुद्धा वेळ नव्हता. का हो?"

म्हणजे रोज ती नुसता श्वास घेत होती. म्हटलं, काही नाही, तुला सर्दी झाल्यासारखी वाटली.

स्टेशनवरचं ती विसरलीय, आठवण करून द्यायला हवी होती का? पण मग ती सांगितलं म्हणून थांबेल. ते नको.

उद्या रेडिओ लावीनच. श्वास घेताना ऐकू आली तरी बरी आहे असं समजेन.