हत्तिणींचा रविवार

रविवार, १२ ऑक्टोबर

आज जे झालं ते क्रमाने –

१. सकाळी लवकर निघालो. आई, मी आणि चष्मेवाले. गाडी चष्मेवाल्यांची.

२. आईच्या शिवणाच्या दुकानासमोर ज्यांचं चष्म्यांचं दुकान आहे, ते चष्मेवाले. आईला त्यांच्याशी लग्न करायचं आहे. मला हे काल कळलं. आईची अट – माझी हरकत नसेल तरच. म्हणून ही सहल.

३. आधी धबधबा. तुषार लांबवर उडत होते. चष्मेवाल्यांनी आईचा चष्मा पुसला, स्वतःचा पुसला, शेजारच्या अनोळखी बाईंचाही पुसून दिला. बाईंना न विचारता.

४. झुलता पूल. तारदोराच्या क्लिपा उलट्या आवळल्या होत्या. तिकीटवाल्याला सांगितलं. त्याने फोन केला, मान डोलावली आणि पूल बंद केला. सगळे ओढ्यातून चालत पलीकडे गेले.

५. ओढ्यात चष्मेवाल्यांचा बूट वाहून गेला. एकच.

६. आई ओरडली – "अहो, बूट!" मग गप्प झाली. मग खोकली. ते "अहो" आम्ही दोघांनीही ऐकलं.

७. दुपारी हत्ती. दोन हत्तिणी दिसल्या.

८. संध्याकाळी परत. गाडीत मी काही बोलले नाही.

क्रम बरोबर आहे. एकही गोष्ट चुकीची नाही. आणि तरी यात काहीच आलं नाही! सातव्या कलमात तर कितीतरी राहून गेलंय. हात धुऊन पुन्हा लिहायला बसलेय. आई झोपायला गेली. मला झोप येईल असं वाटत नाही.

तर हत्ती.

कामातून सोडवून आणलेल्या हत्तींचं निवारा-केंद्र आहे ते. तिथे हत्तीवर बसायचं नाही. हात लावायचा नाही. आंघोळ घालायची नाही. फोटोसाठी हाका मारायच्या नाहीत. तिथल्या ताई – उन्हाने रापलेल्या, आवाज खणखणीत, कमरेला चाव्यांचा हा एवढा जुडगा – सगळं एका दमात सांगून म्हणाल्या, "मग आम्ही आलो कशाला, असं कुणाला वाटत असेल तर बाहेर चहा चांगला मिळतो."

कुणीच चहाला गेलं नाही.

त्यांनी आम्हाला कामाला लावलं. भोपळे, कलिंगडं, केळी कापायची आणि हत्ती यायच्या आत मोकळ्या रानात लपवून ठेवायची. जुन्या टायरांच्या आत, पोकळ ओंडक्यात, झाडाला टांगलेल्या जाळीत. हत्तींनी शोधून खायचं. आयतं समोर ठेवलं तर त्यांचा दिवस जाता जात नाही, ताई म्हणाल्या. आईने भोपळ्याच्या फोडी अशा कापल्या की जणू गिऱ्हाइकाच्या मापाचा ब्लाउज बेतते आहे. चष्मेवाले टायरात केळी कोंबत होते. एका पायात बूट, दुसऱ्यात ताईंनी दिलेला गमबूट. गमबूट दोन नंबर मोठा. चालताना फच् फच् आवाज. आई म्हणाली, "जरा हळू चाला, हत्ती घाबरतील." ते म्हणाले, "मला बघून? मग तर माझा फोटो काढून ठेवा."

मग आम्ही लाकडी मचाणावर चढलो आणि वाट बघत बसलो. येतील की नाही ते हत्तिणी ठरवणार.

आल्या!

थोरली पुढे, धाकटी मागे. नात्याने कुणीच नाहीत त्या एकमेकींच्या. एकीने अर्धं आयुष्य लाकडं ओढली, दुसरीने माणसं पाठीवर वाहिली. इथे आल्यावर बाकी कळपाकडे दोघींनीही पाठ फिरवली आणि एकमेकींना धरून राहिल्या. थोरली आमच्या सगळ्या मेहनतीकडे ढुंकूनही न बघता सरळ मचाणामागच्या बांबूंत घुसली. एवढे भोपळे कापले ते फुकट! चष्मेवाले हळूच म्हणाले, "बाईंना आमचा माल पसंत नाही." आणि तेवढ्यात धाकटीला टायर सापडला. तिने सोंड आत घातली, एक केळं काढलं, बघितलं, परत आत ठेवलं. दुसरं काढलं. तेही परत ठेवलं. निवडत होती! भाजीवाल्यासमोर उभ्या असलेल्या आईसारखी – सेम.

मला हसू फुटलं. असलं की आवरेना. मचाणावर बोलायचं नाही, आवाज करायचा नाही. मी दुर्बीण डोळ्यांना लावली, ओठ दाताखाली धरले आणि बराच वेळ ती दुर्बीण खाली आणलीच नाही. काचा धुरकट झाल्या. पुढचं निम्मं मी धूसरच बघितलं.

आणि मग पायांच्या तळव्यांना काहीतरी लागलं. फळ्यांमधून. अगदी खालच्या पट्टीतली थरथर, जवळपास आवाजच नाही. रोज तपासणीसाठी लिफ्टच्या छतावर उभी राहते मी – मोटर कशी चालली आहे ते माझ्या पायांना कानांच्या आधी कळतं. आधी वाटलं जनरेटर लावलाय कुठेतरी. मग दुर्बीण हटवून मागे बघितलं तर थोरलीचं कपाळ हलत होतं आणि धाकटी टायर सोडून तिच्याकडे निघाली होती. बोलावत होती ती तिला! मला ते पायांतून ऐकू आलं!

हे कुणाला सांगायचं? कुणालाच सांगितलं नाही. इथे लिहिलं, बास.

सोमवार, १३ ऑक्टोबर

आज एका हॉटेलच्या लिफ्टची तपासणी. लिफ्टखालच्या खड्ड्यात उतरून बफर – लिफ्ट तळाला आदळू नये म्हणून असतात त्या स्प्रिंगा – बघत होते आणि एकदम ते केळं आठवलं. परत ठेवलेलं. फिस्सकन हसले. वरून माझा कामातला जोडीदार – आम्ही सगळे त्याला ग्रीस म्हणतो – ओरडला, "काय गं, उंदीर आहे का?"

"नाही. हत्ती."

त्याने वरून टॉर्च मारून माझं तोंड बघितलं. मग – "वर ये. खाली हवा कमी आहे वाटतं."

हॉटेलच्या मॅनेजरचा जीव खालीवर होत होता. तपासणी चालू असताना मी बोलत नाही, त्याला वाटलं लिफ्ट बाद झाली. ग्रीसने त्याला समजावलं, "साहेब, बाई गप्प असल्या की पेढे वाटा. बोलायला लागल्या की घाबरा." खरं आहे. आमच्यात तसंच शिकवतात. बिघाड असेल तर तोंड उघडायचं. ठीक असेल त्यात बोलण्यासारखं काय असतं?

संध्याकाळी दुकानांच्या रस्त्याने आले. चष्मेवाले काचेमागे बसून कुणाच्या तरी फ्रेमचा स्क्रू आवळत होते. पायात नवे बूट. उगीचच बरं वाटलं. आत गेले नाही.

मंगळवार, १४ ऑक्टोबर

आई गप्प गप्प आहे. ओढ्यात भिजली होती, अंग कसकसत असेल. काढा – नको, चहाच करून दिला.

बुधवार, १५ ऑक्टोबर

आणखी एक लिहायचं राहिलं. मचाणावर माझ्या शेजारी जागा होती. चष्मेवाले तिथे बसले नाहीत. वळून बघितलं तर ते पार टोकाला, आईच्या पलीकडे, रेलिंगला टेकलेले. गाडीतही त्यांनी मला एकही प्रश्न विचारला नाही. पगार किती, पुढे काय, लग्नाचं काय – काहीच नाही. माझ्या चांगल्या ओळखीची माणसंसुद्धा तीन वाक्यांत तिथे येतात.

एकदाच बोलले माझ्याशी. पुलाच्या क्लिपा उलट्या म्हणजे कशा, ते विचारलं. मी सांगितलं. दोर जिथे भार घेतो त्या बाजूला क्लिपेचा सपाट भाग हवा, वाकडा दांडा तिथे आला की दोर चेपतो. त्यांनी बोटांनी हवेत करून बघितलं, दोनदा. चुकलं. तिसऱ्यांदा बरोबर केलं आणि असे हसले की बस्स. मग ओढ्यात उतरले आणि बूट घालवला.

मला आवडले ते. झालं. लिहिलं.

हे असं वाटणं सवयीचं नाही. दिवसभर खिशात काहीतरी गरम घेऊन फिरल्यासारखं. ग्रीस म्हणाला, "आज तू शीळ घालत होतीस. माहितेय का तुला?" मी म्हटलं, ब्रेकचा आवाज असेल.

गुरुवार, १६ ऑक्टोबर

आईने चष्मेवाल्यांना नकार दिला. काल.

भांडी घासत होती, पाठ माझ्याकडे. पाठीनेच बोलली, "सांगून टाकलं मी त्यांना. नाही म्हणून."

"कुणाला?"

"आता किती जण आहेत गं माझ्या मागे?"

"पण का?"

तेव्हा वळली. हाताला फेस. "का म्हणून मलाच विचारतेस? अख्ख्या दिवसात तोंडातून ब्र काढला नाहीस. बोललीस ते काय? पूल बाद आहे. गाडीचा पट्टा सैल आहे. मचाणाची तिसरी पायरी हलते. बाकी तोंडाला कुलूप! आणि ती दुर्बीण. मी तुझ्याकडे बघतेय – आता हसेल, मग हसेल – आणि तू आपली दुर्बीण लावून. हत्ती बाजूला गेला तरी दुर्बीण तिथेच!"

"अगं, मी हसत होते."

"कुठे?"

"दुर्बिणीमागे."

"दुर्बिणीमागे! मला कसं दिसणार ते दुर्बिणीमागे?"

मी तिला सांगायला गेले – काम ठीक असलं की आम्ही बोलत नाही, काही चुकलं असेल तरच बोलतो, म्हणजे मी गप्प होते याचाच अर्थ –

"मी काय लिफ्ट आहे का गं?" आई म्हणाली.

आणि रडायला लागली. मी कधी तिला असं बघितलं नव्हतं. बाबा गेले तेव्हाही माझ्यासमोर नाही. मी टॉवेल दिला. मग काय करतात ते कळेना म्हणून उरलेली भांडी घासली. ती स्टुलावर बसून नाक पुसत राहिली.

"काय म्हणाले ते?" मी विचारलं.

"काय म्हणणार? म्हणाले, तिला पटलं नसेल तर काहीतरी असेल. ती नीट बघते."

हे ऐकून मला कसंतरीच झालं. माणसाने माझ्या गप्प बसण्यावर सही केली. अपील नाही, तक्रार नाही!

"आई, मला आवडलेत ते. त्या अनोळखी बाईंचा चष्मा पुसला तेव्हापासून आवडलेत. गमबूट घालून फच् फच् करत चालले तेव्हा तर फारच. तू त्यांना अहो म्हणालीस आणि खोकलीस ना – तेव्हा मला ओढ्यात बसकण मारून हसावंसं वाटलं होतं."

आईने टॉवेल नाकावरून खाली घेतला. "हे सगळं तू आत ठेवून फिरत होतीस? चार दिवस?"

"हो."

"अगं पोरी, दुखत नाही का तुला?"

मग ती हसायला लागली, डोळे पुसता पुसता. मलाही हसू आलं. या वेळी समोर धरायला काही नव्हतं हातात. नुसता ओला चमचा. मी तिला टायरातलं केळं सांगितलं, तळव्यांना लागलेली थरथर सांगितली, ग्रीस आणि उंदीर सांगितलं. किती बोलले! घसा बसला. आईने मध्येच थांबवलं, "भाजीवाल्यासमोर मी अशी करते?" मी म्हटलं, सेम. तिने माझ्यावर टॉवेल फेकला.

पण फोन करायला तयार नाही. "एकदा नाही म्हटलंय. आता कुठल्या तोंडाने हो म्हणू? पोरखेळ वाटेल त्यांना. समोरासमोर दुकान आहे आमचं – आता रोज शटर कसं उघडायचं याचाच विचार करतेय मी." आणि तशी झोपायला गेली.

मी केलेली चूक आहे. दुरुस्ती मीच करायची. हे तरी मला येतं.

शुक्रवार, १७ ऑक्टोबर

सकाळी चष्मेवाल्यांना मेसेज पाठवला. आईला विचारून नाही. शब्दन् शब्द उतरवून ठेवते –

"आईने तुम्हाला नकार दिला, कारण तिला वाटलं मी नाही म्हणतेय. मी नाही म्हणत नव्हते. रविवारी मी खूप हसत होते, ते कुणाला दिसलं नाही, यात तुमचा काही दोष नाही. माझी हरकत नाही. आनंद आहे. आई स्वतः विचारणार नाही, तिला लाज वाटते आहे, म्हणून मी विचारते – माझ्या आईशी लग्न कराल का? तिला कळायच्या आत मला कळवा. रविवारपर्यंत."