मामाकडचे कापड

एटापल्ली, ९ नोव्हेंबर २०२४. सकाळी धुके होते. धानाची कापणी थांबली आहे. दुपारपर्यंत तिघे भेटायला आले. त्यातल्या एकाने आतल्या खोलीत डोकावून पाहिले.

तीर्थरूप लटारूमामा यांस,

सुतकात नमस्कार लिहीत नाहीत, म्हणून लिहिला नाही. यावरूनच तुम्ही ओळखायला हवे. तुमचा गुडघा बरा असेल. आदेश सोमवारी गेला. (मलेरिया डोक्यात गेला. दाखला जोडला आहे, शिक्का पाहून घ्यावा.)

माझ्या धाकट्या भावाचे काम तुम्हाला कधी पटले नाही, आणि मला कधी नीट सांगता आले नाही. नागपुरात चित्रकला शिकून आला, तेव्हा मास्तर होईल असे वाटले होते. त्याऐवजी तो अंगाला खाणीची लाल माती फासून कचेरीसमोर तीन दिवस पुतळ्यासारखा उभा राहिला. दुसऱ्या दिवशी एका बाईने त्याच्या हाताला पिशवी अडकवली, तिसऱ्या दिवशी लोक त्याच्याकडे अर्ज देऊ लागले. (अर्ज त्याने साहेबांच्या टेबलावर नेऊन ठेवले, तेव्हा अटक झाली.) मग दोन वर्षांपूर्वी खाणीत गेलेल्या डोंगराची अंत्ययात्रा. डोंगर उचलता येत नाही म्हणून तिरडीवर तो स्वतः झोपला. तो गेल्याचा फोन ऐकून तुम्ही सिरोंच्याहून जीप करून, मयतावर घालायचे मांजरपाट घेऊन, रडत आलात, तर हा तिरडीवर उठून बसून चहा पीत होता. ते कापड त्याने परत दिले नाही. त्यावर डोंगर रंगवून दिल्लीच्या प्रदर्शनात टांगले.

त्यामुळे सोमवारी अडचण अशी झाली की कोणी रडेना. गाव जमले, पण हात बांधून उभे राहिले. जमादाराने मिरवणुकीच्या परवानगीचा कागद मागितला. निकेश फोटोवाला चांगल्या जागेसाठी झाडावर चढला. तुम्हाला फोन केला तर तुम्ही म्हणालात, “त्याले सांग, या खेपेस कापड भाड्यानं आन.” नंतर फोन उचलला नाही. शेजारच्या आशाबाईंनी मागच्या वेळेसारखा चहा केला होता. कप घेऊन त्या तिरडीपाशी बसल्या आणि म्हणाल्या, “उठ ना रे बापू आता, चाय थंडी होऊन राह्यली.” सगळ्यांनी थोडा वेळ वाट पाहिली. मीही पाहिली. मग त्यांनी त्याच्या कपाळाला हात लावला आणि कप खाली ठेवला. तेव्हा लोक रडले. (निकेश झाडावरून उतरला. फोटो काढला नाही.)

अंगावर दुकानातले कापड घातले.

तेरवी शनिवारी, १६ तारखेला आहे. तेरवीला मामाने टोपी घातल्याशिवाय माझे मुंडण केलेले डोके झाकायचे नाही, हे तुम्हाला ठाऊक आहे. यावे.

तुमचा भाचा,
मुखरू

ता. क. मागच्या वेळी तो खोटा फोन कोणी केला, हे तुम्ही आदेशला खूप विचारले. त्याने सांगितले नाही. तोंडावर रुमाल धरून तो मी केला होता. मामाकडचे कापड नसले तर मयत खरी वाटत नाही, असे त्याचे म्हणणे होते, आणि मला ते पटले. त्या वेळी तिरडीचा पुढचा उजवा खांदाही माझाच होता.

ता. क. दुसरा. ते चित्र दिल्लीहून परत आले आहे. निदान तुमचे कापड न्यायला या. (धुऊन निघणार नाही.)

पत्र सिरोंचा गाडीच्या कंडक्टरकडे देतो. गाडीला अजून अवकाश आहे. तोवर आदेशचे ब्रश धुऊन ठेवतो.