समतेचा वार्षिक पाठ

१० फेब्रुवारी १९८६

डी.एड.च्या वार्षिक पाठाचा घटक मिळाला. इयत्ता चौथी – 'समता'. हसूच आलं!

शाळा पिंपळनेरची. मुख्याध्यापक रुपचंद गुरुजी. "काळजी करू नका बाई, पोरं तयार आहेत." तयार म्हणजे काय ते सराव पाठात कळलं. प्रश्न विचारला की अख्ख्या वर्गाने हात वर करायचा. येत असेल त्याने उजवा, येत नसेल त्याने डावा. बाईने उजव्या हातवाल्यालाच विचारायचं. परीक्षकाला वाटतं, काय हुशार वर्ग! धन्य ती विद्या.

नापास झाले तर आबा माझं लग्न उरकणार. सांगूनच ठेवलंय.

१३ फेब्रुवारी

भिलाटीतली, म्हणजे भिल्लवस्तीतली, सहा पोरं मागे बसतात. डावा हातसुद्धा वर करत नाहीत. आज अहिराणीत विचारलं, तर मंजुळी नावाची पोर धडाधड बोलायला लागली! गप्प बसेचना. मला इतकं बरं वाटलं.

पाठ बघायला आमचे देवरे सर मागे उभे होते. शेरा दिला, 'बोलीचा वापर टाळावा.' हेच सर कॉलेजात टेबल बडवून सांगतात – मुलाच्या भाषेतून मुलाकडे जा! आपण जायचं, ते टेबलापाशीच थांबणार.

१७ फेब्रुवारी

उद्या परीक्षक. शाळा सुटताना गुरुजींनी भिलाटीच्या पोरांना सांगितलं, "सकाय सुट्टी शे." उद्या सुट्टी, आणि फक्त त्यांनाच! दरवर्षीची रीत म्हणे. मी म्हटलं, गुरुजी, घटक समता आहे हो! तर म्हणाले, "म्हणूनच. घोटाळा नको."

डोकं फिरलं. तडक भिलाटीत गेले. घराघरात सांगितलं – शाळा आहे, पाठवा. भिकुबाई, मंजुळीची आई, म्हणाली, "गुरुजी रागावतीन." मी म्हटलं, रागावू दे.

१८ फेब्रुवारी

मंजुळी एकटीच आली. वेणी घालून, तेल चोपडून. गुरुजींचा चेहरा बघण्यासारखा.

पाठ सुरू झाला. समता म्हणजे काय? पाटलांच्या अभिमनने उजवा हात वर करून पोपटासारखं सांगितलं – सर्वांना समान संधी. तेवढ्यात मंजुळी उठली, न विचारता. "बाई, आमले त गुरुजीनी सांगं व्हतं, सकाय सुट्टी शे. अठे त बठ्ठा येल शेतस!"

इथे तर सगळेच आलेत, म्हणे. गेली परीक्षा!

आणि परीक्षक टाळ्या वाजवायला लागले! "वा! नाट्यीकरण पद्धत! पोरीकडून किती बेमालूम बसवून घेतलंत!"

बसवून? मी बोलायला तोंड उघडलं. आबा आठवले.

म्हणाले, "हो सर."

१९ फेब्रुवारी

झोप नाही. लाज वाटते माझी.

५ मार्च

पाठात पहिली. देवरे सर खूश – हेच सर! जळगावच्या शिक्षक मेळाव्यात हाच पाठ 'आदर्श पाठ' म्हणून घ्यायचा. "ते वाक्य अहिराणीतच हवं बरं का, तीच तर गंमत." म्हणाले, वर्ग इथलाच नेऊ, पोरीला तेवढं नीट सांगा.

७ मार्च

भिलाटीत गेले. मंजुळी शेळ्या हाकत होती. मला बघून हसली. दारातूनच भिकुबाई म्हणाली, "आते तिले कायमनी सुट्टी शे, बाई. गुरुजीनी नाव काढी टाकं."

तशीच शाळेत गेले, भांडले. गुरुजी शांत. "सतत गैरहजर. नियम आहे." मग चहा मागवला. देवरे सरांना जाऊन सांगितलं, तर म्हणाले, आत्ता वाद नको, मेळावा होऊन जाऊ द्या.

मेला तो मेळावा! जाणारच नाही.

१६ मार्च, जळगाव

पाठ उत्तम झाला. मंजुळीचं वाक्य अभिमनच्या बहिणीने म्हटलं. अहिराणी मीच घोटून घेतली होती. टाळ्या थांबत नव्हत्या.