उतरवून ठेवलेला खेळ

प्रिय छोट्या,

हे कुरिअरनं पाठवतेय. मोबाईलवरच्या माझ्या निरोपांना तू वाचल्याची खूण देतोस आणि गप्प बसतोस. कागदाला तशी खूण नसते. तू हे वाचलंस की न फोडता टेबलावर टाकलंस, मला कळणार नाही, आणि या न कळण्याचाच थोडा आधार वाटतो. चार वर्षांत माझ्या वाढदिवसाला तू दरवेळी दोन शब्द पाठवलेस. ते आठ शब्द मी जपून ठेवलेत. टोमणा मारत नाहीये. बरं, थोडा मारतेय. मोठी बहीण आहे, तेवढा हक्क राहू दे.

तुझ्या खोलीतून लिहितेय. खिडकीखालचं टेबल, त्यावर तुझा तो काळा कॉम्प्युटर, ज्याच्या पंख्याला आई 'गिरणी' म्हणायची. 'गिरणी सुरू झाली, आता हा काही ऐकायचा नाही.' तू नखांनी सोलून काढलेलं खुर्चीच्या हाताचं रेक्झिनही तसंच आहे. फरक एवढाच, की गेलं वर्षभर या खुर्चीत बाबा बसत होते. हसू नकोस. पाठीला उशी, गुडघ्यांवर शाल आणि समोर तुझा खेळ.

झालं असं, की माझा लॅपटॉप दुरुस्तीला गेला होता आणि चष्म्याच्या दुकानाच्या ऑर्डरी भरायच्या होत्या, म्हणून मी तुझा कॉम्प्युटर लावला. तुझं खातं उघडंच होतं. कोपऱ्यात एक चिठ्ठी वर आली: तुम्ही आधीच नोंदवलेला खेळ आता आगाऊ उतरवून, म्हणजे डाउनलोड करून, ठेवता येईल, प्रकाशनाच्या दिवशी तो आपोआप उघडेल. मी ती आपली सहज मोठ्यानं वाचली. बाहेर बाबांनी पेपरची घडी घातल्याचा आवाज आला. ते दारात येऊन उभे राहिले आणि म्हणाले, 'तोच का गं? तो म्हणाला होता, तो?'

तोच. आई जाऊन आठ दिवस झाले होते तेव्हा. भेटायला माणसं येत होती आणि तू कानांवर ते मोठे हेडफोन लावून इथं बसला होतास. बाबांनी तीनदा हाक मारली, मग मीटरच्या बोर्डाशी गेले आणि मेन स्विच खाली ओढला. छत्तीस वर्षं पाण्याच्या पंपिंग स्टेशनवर काढलेला माणूस, काही बिघडलं की त्यांचा हात आधी स्विचवर जातो. तुझ्या खेळाची साठवलेली फाईल त्यात गेली. त्या खेळात तू एक घर बांधलं होतंस आणि आजारपणात आई पलंगावरून त्याच्या भिंतींचे रंग सांगायची, हे मला फार नंतर तुझ्या मित्राकडून कळलं. मी ते बाबांना सांगितलं तेव्हा ते ताटावरून उठून गेले. त्या दिवशी तू मात्र आम्हाला काहीच सांगितलं नाहीस. बॅग भरलीस आणि उंबऱ्यात म्हणालास, 'आता याचा पुढचा भाग येईल ना, तेव्हाच या घरात पाऊल टाकीन.' त्या पुढच्या भागाची तारीख तेव्हाच दोनदा पुढे गेली होती. आपली नातवंडं खेळतील, असं तू आणि तुझे मित्र म्हणायचात. 'कधीच नाही' म्हणतोयस, हे मला कळलं. बाबांनी मात्र ती तारीखच मानली. पंपिंग स्टेशनवर अमक्या वेळी व्हॉल्व्ह उघडणार म्हटलं की तो उघडायचाच, तसं त्यांनी तुझं बोलणं मनात नोंदवून ठेवलं होतं.

मग काय विचारतोस! दुसऱ्या दिवशी त्यांनी माझ्याकडून कॉम्प्युटरच्या अंतराचा वेगळा चष्मा करून घेतला. एक लांबट वही आणली आणि तिच्यात पट्टीनं रकाने आखले: वेळ, टक्के, वेग, शेरा. वरती लिहिलं, 'चि.चा खेळ'. मी म्हटलं, बाबा, ते आपोआप उतरतं, बघत बसायची गरज नाही. ते म्हणाले, 'टाकीही आपोआपच भरते. आणि बघणारा नसला की आपोआपच वाहून जाते.' वेग कमी-जास्त करायची जागा त्यांनी स्वतःच शोधून काढली. माझ्या कामाच्या वेळी तुझ्या खेळाची धार बारीक करायचे, मी दुकानात गेले की मोठी सोडायचे. वीज गेली की वहीत शेरा: 'पुरवठा खंडित'. परत आली की पहिलं काम, राहिलेलं तिथूनच पुढे सुरू होतंय ना ते पाहायचं.

एकदा मी घरी आले तर डाउनलोड थांबवलेलं आणि बाबा हातावर हात ठेवून खुर्चीत बसलेले. पडद्यावर लिहिलं होतं, हे खातं सध्या दुसऱ्या कॉम्प्युटरवर वापरात आहे. तू तिकडे काहीतरी खेळत होतास. त्यांना वाटलं, एकाच पाइपवर दोन नळ, आपण इकडे ओढलं तर तिकडे त्याचं प्रेशर कमी होईल. मी पुष्कळ समजावलं. त्यांनी मान डोलावली, पण ती सूचना पडद्यावरून जाईपर्यंत काही पुन्हा सुरू केलं नाही. पुढे तुझ्या सुट्टीच्या दिवशी ते आपणहूनच नळ बंद ठेवायला लागले. 'खेळू दे त्याला निवांत.' तू तिकडे खेळतोयस एवढं कळलं तरी त्या दिवशी ते दोन घास जास्त जेवायचे. आणि तुझ्याकडे तिकडे नवा कॉम्प्युटर असेल, तिथंच तू खेळशील, असं मी एकदा बोलून गेले, तर म्हणाले, 'असेल. पण इथंही असला तर इथं यायला निमित्त.'

आता जे सांगायचंय ते सांगायला दोन परिच्छेद फिरत राहिले. एकाहत्तर टक्क्यांवर डिस्क भरली. आणखी चाळीस जीबी हवे होते. तुझे जुने खेळ काढले असते तर सहज झाले असते, पण तुझ्या वस्तूला हात लावायचा नाही हा त्यांचा नियम. उरला आईच्या व्हिडिओंचा फोल्डर. शेवटच्या वर्षात तू काढलेले सगळे, पण ते त्यांनी घराचे मानले. मी संध्याकाळी पेनड्राइव्ह घेऊन येते म्हटलं होतं, पण दुकानाच्या गडबडीत तो तीन दिवस आणला नाही. चौथ्या दिवशी घरी आले तर डाउनलोड जोरात सुरू होतं. त्यांनी तीन दुपारी एकेक व्हिडिओ शेवटपर्यंत पाहिला होता आणि एकेक पुसला होता. कचऱ्याची टोपलीसुद्धा रिकामी केली होती, कारण तिथं असेपर्यंत जागा मोकळी होत नाही हे त्यांना कळलं होतं. मी किती ओरडले, छोट्या. नको ते बोलले. आधी त्याची आई पुसलीत, आता माझीही, इथपर्यंत बोलले. ते एवढंच म्हणाले, 'ती असती तर तिनंच जागा करून दिली असती गं. आयुष्यभर तेच तर केलं तिनं.' दोन दिवस मी त्यांच्याशी बोलले नाही. ते दोन दिवस मला आता परत हवेत.

एक मात्र ठेवलाय. बारा सेकंदांचा. आई स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून तुला जेवायला हाक मारतेय आणि तू कॅमेऱ्यामागून म्हणतोयस, 'आलो गं, दोन मिनिटं.' हा का ठेवलात म्हणून मी विचारलं नाही. त्या सगळ्या व्हिडिओंत तुझा आवाज असलेला तेवढा एकच होता.

शंभर टक्के झाले त्या दिवशी बाबांनी कॉम्प्युटर पुसून काढला. आठवड्यानं प्रकाशनाची तारीख पुढे गेली आणि आधीच्या फाईली बाद होऊन सगळं पहिल्यापासून उतरायला लागलं. मला वाटलं हे आता खचणार. त्यांनी शेरा लिहिला, 'पाइपलाइन बदलली असावी', आणि खाली नवे रकाने आखले. दुसऱ्यांदाही तसंच. केबलवाल्याला गाठून त्यांनी एकदा विचारलं होतं, की मुलगा लांबूनसुद्धा या मशिनवरचं आपलं खातं बंद करू शकतो का. तो म्हणाला, एका बटणाचं काम आहे, काका. त्या दिवशी जेवताना ते किती खूश होते. म्हणाले, 'चार वर्षांत त्यानं ते बटण दाबलेलं नाही. दार लोटलंय, पण कडी लावलेली नाही.' खरं सांग, तू मुद्दाम लावली नव्हतीस की विसरला होतास? नको, सांगू नकोस.

उन्हाळ्यापासून त्यांचं हृदय थकत गेलं. पायांवर सूज, चार पावलांत धाप. गेला महिनाभर ते पलंगावरच आहेत. त्यामुळे वही माझ्याकडे आली. सकाळी डोळे उघडले की त्यांचा पहिला शब्द, 'किती?' मी म्हणायचे, शंभर. ते म्हणायचे, 'छान.' मग औषधं. आणि याच महिन्याच्या सुरुवातीला मी कॉम्प्युटर लावला तर कोपऱ्यात नवी चिठ्ठी: खेळ रद्द झाला आहे. कंपनीनं काम कायमचं थांबवलंय, उतरवलेल्या फाईली महिनाअखेरीनंतर आपोआप काढून टाकल्या जातील. मी चिठ्ठी बंद केली आणि कॉम्प्युटरमागची नेटची वायर उपटली. वायर नसली तर कंपनीला ते काढता येणार नाही, एवढंच सुचलं. बंद पेटीची मी राखण करतेय, जिला आता किल्लीच नाही. रोज सकाळी वहीत लिहीत राहिले: शंभर टक्के, सज्ज. त्यांना कळता कामा नये, म्हणून अक्षरही त्यांच्यासारखं सरळ काढत होते.

काल रकाने संपले. आणखी पानं आहेत का बघायला मी वही मागून उघडली. शेवटच्या पानावर त्यांचं अक्षर, ओळ सोडून खाली घसरलेलं. तारीख मी वायर काढली त्याच्या दोन दिवस आधीची. खुर्चीत ते शेवटचे बसले होते, त्या दिवसाची. लिहिलंय: 'खेळ रद्द झाल्याची सूचना वाचली. ताईला सांगू नये. ती चि.ची वाट पाहते आहे.'

म्हणजे महिनाभर रोज सकाळी ते मला विचारत होते, ते माझ्यासाठी. आणि मी सांगत होते, ते त्यांच्यासाठी.

आज सकाळी त्यांनी 'किती' विचारलं नाही. मी तरी सांगितलं, शंभर. पापण्या हलल्या, बस. डॉक्टर येऊन गेले, जिन्यात थांबून म्हणाले, ज्यांना बोलवायचं त्यांना बोलवून घ्या. मी तुला तीन वेळा फोन लावला, तू उचलला नाहीस. मेसेजमध्ये 'बाबा सीरियस' असं लिहिलं आणि पुसलं, कारण त्या दोन शब्दांनी तू आला असतास तर मरणासाठी आला असतास, आणि ते तुझी वाट पाहत होते खेळायला. हे उद्या दुपारपर्यंत तुझ्या हातात पडेल, असं कुरिअरवाला म्हणतोय. तुझी अट मी पाळू शकले नाही, बाबाही नाही. तो खेळ आता कधीच येणार नाही, छोट्या. तू ये. त्यांना अजून ऐकू येतं, पण काय बोलायचं याची जुळवाजुळव करत बसू नकोस. खोलीत ये, गिरणी सुरू कर, तेवढा आवाज त्यांना पुरेल. फक्त या वेळी दोन मिनिटं म्हणू नकोस.

दार लोटून बसलेली,
तुझीच
ताई