बघायला किती जण आले होते

क्रेगीबर्न, मेलबर्न
१० मार्च २०२५

ती. चित्रलेखामावशीस,
चारुताचा शि. सा. न.

तुझा कान फोनवर साथ देईनासा झाल्यापासून कागदावर लिहून त्याचा फोटो पाठवायचा हा आपला करार झाला, ते बरंच झालं. फोनवर मी आज सगळं छान आहे एवढंच म्हटलं असतं.

आई मजेत आहे. कुंडीतलं अळू फोफावलंय. वेद आजीशी इंग्लिशमध्ये भांडतो आणि ती मराठीत जिंकते.

लुर्देस नाझारे आली आहे. माझ्या पीएच.डी.चा विषय असलेली लेखिका, जिचं नाव निघालं की माझा आवाज चढतो म्हणून तू थट्टा करतेस, तीच. ब्राझीलच्या बाहियातली. खापरपणजी गुलाम, आई लोकांचे कपडे धुणारी, स्वतः लहानपणापासून परक्या स्वयंपाकघरांत. चाळिशीनंतर तिने पहिली कादंबरी लिहिली, चुलीपाशी उभ्या राहणाऱ्या काळ्या बायांवर. आता सत्तरी ओलांडली आहे. या सत्रात ती आमच्या युनिची पाहुणी आहे, आणि मागच्या रविवारी आमच्याकडे जेवायला आली होती.

आईने साबुदाण्याची खिचडी केली. लुर्देसने एक दाणा बोटावर घेऊन पाहिला आणि हा तर आमच्याकडच्या कंदाचा, म्हणत तीनदा वाढून घेतली. ब्राझीलची असून तिला फुटबॉल आवडत नाही, याचा वेदला धक्का बसला.

मग ते झालं. आई तिच्याकडे बराच वेळ टक लावून बघत होती. एकदम मला म्हणाली, विचार गं हिला, बघायला किती जण आले होते आणि किती जणांनी नाक मुरडलं. मावशी, समोर ही बाई, आणि आईला तिच्या रंगावरून लग्नाच्या बाजाराची चौकशी सुचते! लुर्देस विचारत होती, आई काय म्हणते. मी पोर्तुगीजमध्ये सांगून टाकलं, आई विचारते आहे, तुमचं पहिलं पुस्तक किती जणांनी नाकारलं?

ती पाऊण तास बोलली. प्रकाशकांची नावं, त्यांची उत्तरं, एकाने हस्तलिखित न उघडताच परत केलं ते. जाताना आईचे दोन्ही हात धरले. आणि काल तिचा निरोप आला. एका भारतीय म्हातारीने मला जे विचारलं ते इतक्या वर्षांत एकाही समीक्षकाने विचारलं नाही, या वाक्याने ती इथलं शेवटचं व्याख्यान सुरू करणार आहे. नव्या पुस्तकाची प्रस्तावनाही तिथूनच निघते. आईला पहिल्या रांगेत बसवायचं आहे.

मी खोटं बोलले, आणि ते आता छापलं जाणार आहे. काय करू?

लोभ कमी होऊ देऊ नकोस.
तुझी, चारुता


मिरज
१२ मार्च

चि. चारुतास,
अनेक उत्तम आशीर्वाद, पण आज हात आखडता घेऊन.

तू खोटं बोललीस याचा मला फारसा राग नाही. भाषांतर करणारे रोज बोलतात. राग याचा आहे की पद्माने काय विचारलं ते तुला कळलंच नाही. तुला वाटलं, तिने त्या बाईच्या रंगावर बोट ठेवलं. अगं, तिने स्वतःच्या रंगावर ठेवलं होतं!

तुझी आई आमच्यात सावळी, मी गोरी. तिला बघायला माणसं यायची तेव्हा मला शेजारी चित्र्यांच्या घरात कोंडून ठेवायचे. चुकून मी दिसले तर मलाच मागणी घालतील ही धास्ती. भिंतीपलीकडून मला ऐकू यायचं. चालून दाखव. सुईत दोरा ओव. वाचून दाखव. उजेडात बस. मग काही दिवसांनी निरोप यायचा. सुरुवातीला आमची आई पोहे करायची, वर खोबरं, कोथिंबीर. शेवटी शेवटी नुसता चहा ठेवायला लागली. तुझ्या बाबांच्या पायात दोष होता म्हणून जमलं, असं आमच्या घरात तिच्यादेखत बोललं जायचं. यातलं ती तुझ्याशी कधी बोलली नसेल. माझ्याशीही बोलत नाही.

आणि एवढ्या वर्षांनी तिला समोर एक बाई दिसली, जिला हे विचारता येईल असं तिला वाटलं. तो प्रश्न पलीकडे पोचवायला मध्ये कोण होतं? तू! जगभरच्या काळ्या बायांच्या दुःखावर तासभर टाळ्या घेणारी! तुझ्याच ओट्यापाशी एक उभी आहे, आणि तिच्या तोंडून एक वाक्य निघालं तर तुला तिची लाज वाटली.

माझा निकाल साधा आहे. व्याख्यानाच्या दिवशी त्याच व्यासपीठावर चढ आणि खरं सांग. चार लोकांत केलेलं चार लोकांत निस्तरावं. वक्तृत्व काय नुसती बक्षिसं कपाटात ठेवायला शिकवलं का मी तुला?

आधी पद्माची विचारपूस कर, मग पत्र लिही.
तुझी मावशी, चित्रलेखा


क्रेगीबर्न
२३ मार्च

ती. मावशीस,
शि. सा. न.

तुझं पत्र आल्यापासून आईच्या डोळ्याला डोळा देता येत नव्हता. ती पोळी वाढायची आणि मी ताटात बघायचे. तिची लाज वाटली, हे तू लिहिलंस ते खरं आहे. ते वाचायच्या आधी मी त्याला शिष्टाचार म्हणत होते.

आधी लुर्देसकडे गेले. सगळं सांगितलं. ती चिडली नाही. तिने विचारलं, बघायला येणं म्हणजे नक्की काय. मी सुईदोऱ्यापर्यंत सगळं समजावलं. तिने शाल घेतली आणि म्हणाली, मला तुझ्या घरी घेऊन चल, उत्तर द्यायचं राहिलंय.

आमच्या स्वयंपाकघरात बसून तिने उत्तर दिलं. ती परकरी वयाची असताना तिची आई तिला कामाला लावायला घरोघर न्यायची. मालकिणी तिला दिवाणखान्यात उभं करायच्या. हात बघायच्या, दात बघायच्या, केसांत बोटं घालून बघायच्या. दार उघडायला आणि टेबलावर वाढायला त्यांना उजळ मुलगी हवी असायची. हिला म्हणायच्या, मागच्या दाराने ये, नाहीतर येऊच नकोस. बघितलं पुष्कळांनी, लुर्देस म्हणाली. तुमच्याकडे ते यायचे, आमच्याकडे आम्ही जायचो, एवढाच फरक.

मी शब्दही गाळला नाही. आईने विचारलं, चालून दाखवायला लावायचे का. लुर्देस म्हणाली, हो तर, पेल्यांचा ट्रे हातात देऊन. आई म्हणाली, माझ्या हातातही ट्रेच असायचा. त्यानंतर दोघी मला विसरल्या. मी नुसती टेलिफोनची तार झाले होते.

ती गेल्यावर आई भांडी विसळत म्हणाली, मला त्या रविवारीच समजलं होतं की तू भलतंच काहीतरी सांगितलंस. ती बाई उत्तर देताना हसली. या प्रश्नावर कुठली बाई हसत नाही. मी म्हटलं, मग तेव्हाच का नाही बोललीस. तर म्हणे, तुझा चेहरा असा झाला होता की म्हटलं जाऊ दे, पोरीची पाहुणी आहे.

मावशी, मला रागावली असती तर चाललं असतं.

मग मी व्यासपीठाचं काढलं. तिने हातातलं पातेलं खाली ठेवलं. म्हणाली, तेव्हा बसले तेवढं पुरे झालं. आता सभागृह भरून माणसं माझ्याकडे वळून बघणार, हीच ती नाकारलेली, म्हणून? चित्राला सांग, या वयात माझा दाखवायचा कार्यक्रम पुन्हा ठरवू नकोस.

तुझी माया हवीच आहे, आज जरा जास्त.
चारुता


मिरज
२५ मार्च

चि. चारुतास,
अ. उ. आ.

पद्माचा निरोप पोचला. मी निरुत्तर आहे. ही बातमी मिरजेत पसरवू नकोस, लोक सुट्टी जाहीर करतील.

ती म्हणते तेच कर. कबुली देऊन मोकळं व्हायची घाई तुला होती, आणि तुझ्या पाठीवर बसून मलाही. मला व्यासपीठ दिसलं की दुसरं काही दिसत नाही. मीही भिंतीपलीकडून नुसती ऐकत बसले होते, एकदाही दार वाजवलं नव्हतं, हे पद्मा विसरली नसणार. आता तिच्या इच्छेविरुद्ध एक अक्षर बोलू नकोस. ओझं तुझं आहे, तूच वागव.

वेदला पापा. पद्माला काय लिहावं ते सुचत नाही, तेवढंच तिला सांग.
तुझी, अजूनही तुझ्याच बाजूची, मावशी


क्रेगीबर्न
५ एप्रिल

ती. मावशीस,
शि. सा. न.

काल व्याख्यान झालं. हॉल भरला होता. आई पहिल्या रांगेत होती, पण पाहुण्यांची खुर्ची घेतली नाही. वेदच्या शेजारी, श्रोत्यांतली एक म्हणून बसली. मी मागच्या रांगेत होते.

आदल्या दिवशी लुर्देसने मला बोलावलं होतं. तिने ठरवलं होतं, आईचा प्रश्न ती कुठेही लिहिणार नाही, तो त्या दोघींचा आहे. पण पुस्तक किती जणांनी नाकारलं, हा प्रश्न ती सोडणार नव्हती, कारण त्याचं उत्तर तिने खरंच दिलं होतं. ती म्हणाली, तो प्रश्न तुझा आहे, तूच विचारलास, तर तुझ्याच नावावर राहू दे. हे सांगताना तिच्या आवाजात राग नव्हता. मला तो शोधूनही सापडला नाही.

मंचावर तिने तसंच सांगितलं. तीस वर्षांत समीक्षकांना जे सुचलं नाही ते या मुलीने विचारलं, म्हणाली, आणि मला उभं राहायला लावलं. मी उभी राहिले. माणसं वळून वळून माझ्याकडे बघायला लागली. माझी सहकारी शिवांगी कानात म्हणाली, काय सुंदर प्रश्न सुचला गं तुला! मला बसताही येईना. तोंड उघडलं असतं तर आईचा शब्द मोडला असता, म्हणून मी हसले.

आई मागे वळली होती. मी नीट दिसावी म्हणून तिने चष्मा पुसून पुन्हा लावला. आणि टाळ्या वाजवत राहिली, मावशी, मनापासून, बाकीच्यांच्या थांबल्यानंतरही.

माझ्यावर लोभ ठेव, असं आज मागवत नाही. तरी ठेव.
तुझी, चारुता